एक जुलैचा हिशोब: ज्युनिअर फिगर स्केटिंग चालतं कसं

ऑगस्ट संपत आलाय, बाहेर ऊन आणि आत बर्फ. अर्ध्याहून जास्त खुर्च्या रिकाम्या, एका कोपऱ्यात टीमची जॅकेटं घातलेली मुलं बसलीत, आपला कोणी आला की जीव खाऊन ओरडतात आणि मग परत मोबाइलमध्ये डोकं. ही फिगर स्केटिंगची ज्युनिअर ग्रां प्री, म्हणजे मुलामुलींच्या आंतरराष्ट्रीय स्पर्धांची मालिका. बघून वाटतं शाळेचं गॅदरिंग आहे. पण थांबा.

डिसेंबर २००२, नेदरलँड्समधलं हेग. याच मालिकेच्या फायनलला जपानची १४ वर्षांची मिकी आंदो क्वाड सॅल्काव मारते, म्हणजे हवेत चार गिरक्या, आणि आंतरराष्ट्रीय स्पर्धेत कुठल्याही मुलीने मारलेला हा पहिला क्वाड. मोठ्यांच्या स्पर्धेत नाही हं, इथे. मग मार्च २०१८, बल्गेरियातलं सोफिया, ज्युनिअर वर्ल्ड्स म्हणजे ज्युनिअरची जागतिक स्पर्धा, रशियाची १३ वर्षांची अलेक्सांद्रा त्रुसोवा एकाच प्रोग्रॅममध्ये, म्हणजे संगीतावरच्या एका सादरीकरणात, दोन क्वाड मारते. ऑगस्ट २०१९, लेक प्लॅसिड, अमेरिकेची अलिसा लिऊ, वय १४, एकाच प्रोग्रॅममध्ये क्वाड लट्झ आणि ट्रिपल ॲक्सल दोन्ही (सॅल्काव, लट्झ, ॲक्सल ही उड्यांची नावं), आणि हे तिच्याआधी कुठल्याच मुलीला जमलेलं नव्हतं. सगळं ज्युनिअरमध्ये. यामागचं कारण अगदी साधं आहे, अंग हलकं, खांदे-कंबर अरुंद, त्यामुळे गिरकी पटकन फिरते. पुढे उंची वाढली की तीच उडी नव्याने शिकावी लागते, काहींना ती परत कधीच सापडत नाही.

आता मुळात ज्युनिअर म्हणजे कोण? सगळा खेळ एका तारखेवर आहे, १ जुलै. त्या दिवसाच्या आधी १३ पूर्ण झालेली हवीत आणि सिंगल्समध्ये, म्हणजे एकट्याने उतरणाऱ्यांत, १९ झालेली नकोत, जोडीने उतरणाऱ्या पेअर्स आणि आइस डान्सवाल्यांना वरची मर्यादा थोडी सैल आहे. तुमचा वाढदिवस २ जुलैला असेल तर बसा वर्षभर, सीझन पुढच्या वर्षी.

आणि इथे यायचं कसं, तर ज्याला वाटलं त्याने फॉर्म भरला असं नसतं. मोठ्यांच्या ग्रां प्रीला आमंत्रणं जातात, ज्युनिअरला मात्र नाव पाठवतं देशाचं फेडरेशन, आणि कुणाला किती जागा ते आदल्या ज्युनिअर वर्ल्ड्सच्या निकालावरून ठरतं. म्हणजे बघा, गेल्या वर्षी तुमच्या देशाची कोण मुलगी कितवी आली यावर यंदा तुम्हाला तिकीट मिळणार की नाही हे अवलंबून. छोट्या देशाच्या पोराला कधीकधी एकच स्पर्धा मिळते, आणि जपान-अमेरिकेसारख्या ठिकाणी जागा भरपूर पण घरातच एवढी रांग की चांगली चांगली मुलं मागे राहतात. मला विचाराल तर दुसरं दुःख जास्त मोठं आहे.

सहसा सात आठवड्यांत सात स्पर्धा, एका स्केटरला त्यातल्या जास्तीत जास्त दोन. पहिल्याला १५ पॉइंट, दुसऱ्याला १३, तिसऱ्याला ११, मग ९, ७, ५ असं करत दहाव्याला १. दोन्हींची बेरीज लावायची, वरचे सहा फायनलला. दोन सुवर्ण असतील तर निवांत झोपा. पण एक सुवर्ण आणि एकदा चौथा नंबर म्हणजे २४, आणि एक रौप्य एक कांस्य म्हणजेही २४, अशा वेळी सुवर्णवाला पुढे जातो, कारण टाय झाला की आधी वरचा नंबर बघतात. दुसऱ्याची मग इतरांच्या निकालांकडे डोळे लावून बसायची पाळी. फायनल डिसेंबरमध्ये, मोठ्यांच्याच फायनलसोबत, त्याच रिंकवर, तेव्हा कुठे खुर्च्या भरलेल्या दिसतात.

बर्फावर काय होतं ते जरा जवळून बघू. सिंगल्समध्ये प्रत्येकाचे दोन प्रोग्रॅम. शॉर्ट २ मिनिटं ४० सेकंदांचा, फ्री साडेतीन मिनिटांचा, दहा सेकंद इकडे तिकडे चालतात. शॉर्टमध्ये ज्युनिअरला क्वाड मारायला बंदी, वर एक सोलो उडी कोणती ते नियमातच लिहिलेलं, एका सीझनला लूप तर दुसऱ्याला फ्लिप नाहीतर लट्झ. म्हणजे आवडीची उडी घोटून आयुष्य काढता येत नाही. त्रास वाटतो खरा, पण माझ्या मते ज्युनिअरच्या नियमांतला हा सगळ्यात शहाणा नियम आहे.

आता ही मुलगी बघा. ट्रिपल लट्झ, म्हणजे तीन गिरक्यांची लट्झ, उतरताना ब्लेड घसरलं, पडली. दोन सेकंदांत उठून हसतेय सुद्धा. इकडे टेक्निकल पॅनेलच्या टेबलावर तीच उडी स्लो मोशनमध्ये पुन्हा पुन्हा फिरतेय, ब्लेड बर्फाला टेकलं तेव्हा तोंड कुठे होतं, गिरकी पूर्ण होती की पाव राहिली. लट्झची मूळ किंमत ५.९०. पडली म्हणून जजेसकडून उडीच्या दर्जासाठी सगळ्यात खालचा शेरा, उणे ५, म्हणजे निम्मे गेले, राहिले २.९५. वर पडल्याचा एक पॉइंट वेगळा कापतात, हातात १.९५. आणि गिरकी पावपेक्षा जास्त पण अर्ध्यापेक्षा कमी राहिली तर मूळ किंमतच ८० टक्के होते, मग हातात येतात १.३६. एवढा सगळा हिशोब होईस्तोवर ती किस अँड क्रायच्या, म्हणजे गुणांची वाट बघायच्या जागेच्या, सोफ्यावर कोचच्या शेजारी बसलेली असते, कॅमेरा तोंडावर, आणि स्क्रीनवर आकडा येतो. तेरा-चौदा वर्षांच्या पोरीने तिथे बसून चेहरा सरळ ठेवायचा, मला तर उडीपेक्षा हेच अवघड वाटतं.

सीझनचा शेवट ज्युनिअर वर्ल्ड्सने, फेब्रुवारी-मार्चमध्ये. १९७६ मध्ये फ्रान्सच्या मेजेव्हला पहिल्यांदा भरली. सिंगल्समध्ये शॉर्ट झाला की पहिले २४ फक्त फ्रीला, बाकीचे दोन-अडीच मिनिटांसाठी जग ओलांडून आलेले असतात आणि तेवढ्यावर परत जातात. इथून गेलेली नावं बघा, यू-ना किम २००६ ची चॅम्पियन, युझुरू हान्यू २०१० चा, इलिया मालिनिन २०२२ चा.

आणि २०२२ मध्येच नियम फिरला. बीजिंग ऑलिंपिकमध्ये १५ वर्षांच्या कामिला वालिएवाचं डोपिंग प्रकरण झालं, मुलांवर केवढा ताण टाकतोय याची चर्चा पेटली, आणि जूनमध्ये थायलंडमधल्या फुकेतला आंतरराष्ट्रीय स्केटिंग संघटनेच्या काँग्रेसमध्ये सीनिअरचं किमान वय १५ वरून टप्प्याटप्प्याने १७ करायचं ठरलं. निर्णय बरोबरच म्हणायचा. पण ज्या मुली एरवी वर गेल्या असत्या त्या इथेच थांबल्या, आणि ज्युनिअरमधली चुरस एकदम वाढली.

माओ आसादा आठवते? २००५ ची ज्युनिअर चॅम्पियन, त्याच डिसेंबरात टोकियोला सीनिअर ग्रां प्री फायनल जिंकली, आणि तोरिनो ऑलिंपिकला मात्र नाही, कारण १ जुलैला १५ पूर्ण व्हायला तीनेक महिने कमी पडले. त्या माओवरून नाव ठेवलेली जपानचीच माओ शिमादा, २०२३, २०२४, २०२५, सलग तीन वर्षं ज्युनिअर वर्ल्ड चॅम्पियन. वाढदिवस ३० ऑक्टोबर २००८. फेब्रुवारी २०२६ मध्ये मिलानला ऑलिंपिक सुरू झालं तेव्हा ती १७ वर्षांची होती. १ जुलै २०२५ ला मात्र १६.