आनपानची बेंबी

[पडद्यावर: भाजलेल्या पावाचा मध्य, अगदी जवळून]

पावाच्या मधोमध ही खळी. जपानी भाषेत तिला ‘हेसो’ म्हणतात, म्हणजे बेंबी. तिच्यात बसलंय मिठात मुरवलेलं चेरीचं फूल. टोकियोच्या गिन्झा भागातल्या किमुराया बेकरीचा हा आनपान. ‘आन’ म्हणजे गोड सारण आणि ‘पान’ म्हणजे पाव. जपान्यांचं ‘पान’ काय, आपला ‘पाव’ काय, दोन्ही शब्द पोर्तुगीजांचेच.

1874 साली किमुरा यासुबेई यांनी हा पाव काढला. यीस्ट तेव्हा जपानात सहज मिळत नसे. म्हणून त्यांनी भात आणि कोजीच्या बुरशीपासून केलेलं आंबवण वापरलं. त्याला ‘साकादाने’ म्हणतात. 4 एप्रिल 1875 रोजी हा पाव मेइजी सम्राटांपुढे ठेवला गेला. बेंबीतलं फूल त्या दिवसाचं.

[पडद्यावर: पातेल्यात उकळणारे लाल दाणे]

हे दाणे अझुकीचे. राजमा नव्हे, अझुकी चवळीच्या जवळची. 200 ग्रॅम दाणे धुऊन थेट उकळायचे, भिजवायची गरज नाही. पहिलं पाणी मात्र ओतून द्यायचं, नाहीतर सालीतला तुरटपणा सारणात उतरतो. मग नवं पाणी आणि मंद आच. दाणा दोन बोटांत सहज चिरडला की साखर, त्याआधी अजिबात नाही. साखर घाईनं पडली की दाणा आखडतो आणि पुढे कितीही शिजवला तरी मऊ होत नाही. साखर 160 ग्रॅम, दोन-तीन हप्त्यांत. शेवटी चिमूटभर मीठ.

थांबायचं कधी? पुरणात उलथनं उभं राहावं लागतं. इथे तेवढं आटवायचं नाही. पातेल्याच्या तळाशी उलथनं ओढलं, की पडलेली वाट क्षणभर तशीच राहिली पाहिजे. गार होताना सारण आणखी घट्ट होतं. सालासकट ठेवलं तर ‘त्सुबुआन’, गाळून साल काढली तर ‘कोशिआन’. ताटात छोटे छोटे ढीग घालून पूर्ण गार करायचं आणि 45 ग्रॅमचे दहा गोळे वळायचे.

[पडद्यावर: ताणलेलं पीठ, पलीकडचा उजेड दिसतोय]

पिठाला 12 टक्क्यांच्या आसपास प्रथिनं असलेला मैदा 250 ग्रॅम, साखर 40, मीठ 4, इन्स्टंट यीस्ट 4, एक अंडं, कोमट दूध 110 ग्रॅम. 35 ग्रॅम लोणी नंतर, पिठाला ताण आल्यावर. आधीच घातलं तर ताण यायला फार वेळ लागतो. पीठ असं पातळ, न फाटता ताणलं गेलं की मळणं पुरे. दुप्पट फुगायला उबेत साधारण तासभर. मग दहा गोळे, आणि झाकून पंधरा मिनिटं विश्रांती.

आता हात पाहा. चकती मध्ये जाड, कडेला पातळ. कडा पातळ का? त्या खाली एकत्र येतात. जाड राहिल्या तर तळाशी पिठाचा गठ्ठा आणि माथ्यावर नुसता पापुद्रा. कडेला सारणाचा ठिपका जरी लागला, तरी तिथे पीठ चिकटत नाही आणि भट्टीत नेमका तिथूनच पाव उलतो. चिमटून बंद करायचं, जोड खाली. 35 अंशांच्या उबेत चाळीस-पन्नास मिनिटं.

[पडद्यावर: लाटण्याचं ओलं टोक खसखशीत बुडतंय]

अंडं लावून झालं की हे टोक पावाच्या मध्यावर दाबायचं. अलगद नाही, पार ट्रेचा तळ लागेपर्यंत. भाजताना सारणातल्या पाण्याची वाफ होते आणि वरचं पीठ उचलते. पाव गार होतो, सारण खाली बसतं, आणि माथ्याखाली पोकळी राहते. बेंबी दाबली की मधोमध वरचा आणि खालचा थर जवळ येतात, वाफेला माथा उचलता येत नाही. सारण पातळ किंवा कोमट असेल तर मात्र बेंबीचाही इलाज चालत नाही.

190 अंशांवर दहा ते बारा मिनिटं. तळ खरपूस, कडा अजून फिकट, तेव्हाच बाहेर काढायचे. थेट जाळीवर, कारण ट्रेवर राहिले तर वाफ तळाशी अडकते आणि जोड ओला होतो.