कुंभकर्ण नावाचा तारा

आज मी एक तारा बरोबर घेऊन आलोय. तो कुठल्याही सूचीत सापडणार नाही, कारण तो मीच रचलाय. नाव ठेवलंय कुंभकर्ण. खगोलशास्त्राच्या मराठी परिभाषेत अशा ताऱ्यांना ‘तांबडे महाराक्षसी तारे’ म्हणतात, तेव्हा नावासाठी फार लांब जावं लागलं नाही. भूकही तशीच. झोपेचा भाग तेवढा सोडून द्या, हा जन्मभर जागाच असतो.

एक अट मात्र मी स्वतःला घालून घेतलीय. विश्व काल्पनिक, पण भौतिकशास्त्र आपलंच. म्हणजे आकारही वाटेल तेवढा घेता येत नाही. १९६१ साली चुशिरो हयाशी या जपानी शास्त्रज्ञाने दाखवून दिलं की, ताऱ्याचा पृष्ठभाग एका ठरावीक तापमानाखाली गेला तर तारा स्थिर राहूच शकत नाही. फुगायचं तर थंड व्हावं लागतं आणि थंड होण्याला सीमा आहे. म्हणून कुंभकर्णाला मी सूर्याच्या दीड हजार पट व्यास दिलाय. वस्तुमान सूर्याच्या पंचवीस पट, पृष्ठभागाचं तापमान साडेतीन हजार केल्व्हिन.

या फळ्यावर खडूने एक मिलिमीटरचा ठिपका काढला, हा आपला सूर्य. आता कुंभकर्ण काढायचा तर दीड मीटर व्यासाचं वर्तुळ हवं. फळा पुरणार नाही. आणि एवढ्या पसाऱ्यात माल किती, तर पंचवीस सूर्यांचा. हिशेब केला तर याची सरासरी घनता आपल्या हवेच्या सुमारे एक लाखांश निघते. बाहेरच्या थरांत तर जवळजवळ पोकळीच. ‘अग्नीचा प्रचंड गोळा’ वगैरे वर्णन वाचलं की मला म्हणूनच हसू येतं. गोळा कसला, तापलेलं धुकं आहे ते! त्याला धड कडाही नसते. पृष्ठभागावर वायूचे अवाढव्य बुडबुडे वर येतात, खाली जातात आणि सगळा आकार वेडावाकडा होतो.

आता याच्याभोवती माणसांसारखी माणसं वसवायची आहेत. मुद्दा इथे सुरू होतो. कुंभकर्णाचं तेज सुमारे तीन लाख सूर्यांएवढं. उष्णता अंतराच्या वर्गाने कमी होते, म्हणजे पृथ्वीइतकी ऊब हवी तर ग्रह तीन लाखांच्या वर्गमुळाइतका, साडेपाचशे पट लांब न्यावा लागेल. आपल्या फळ्यावर पृथ्वी ठिपक्यापासून अकरा सेंटिमीटरवर येते. कुंभकर्णाचा ग्रह जवळपास साठ मीटरवर. या सभागृहाबाहेर, रस्त्यापलीकडे कुठेतरी.

मग तिथून हा महाराक्षस दिसेल केवढा? चित्रकार अर्धं आकाश तांबड्या थाळीने भरून टाकतात. मीही पूर्वी तसंच धरून चालत होतो. एकदा कागदावर मांडून पाहिलं, उत्तर आलं पावणेतीन. आपल्या सूर्यबिंबाच्या फक्त पावणेतीन पट रुंद. ऊब सारखी ठेवली की बिंब केवढं दिसेल हे एकट्या पृष्ठभागाच्या तापमानावर ठरतं, ताऱ्याच्या खऱ्या आकाराशी त्याचा संबंधच उरत नाही. आणि तांबडाही तो नावापुरताच. साडेतीन हजार केल्व्हिन म्हणजे जुन्या तारेच्या बल्बपेक्षा जास्तच गरम. तशा पिवळसर उजेडाला डोळे चटकन सरावतात.

तर मग महाराक्षस असल्याचा फरक कुठे पडतो? पंचांगात! त्या अंतरावरून एक प्रदक्षिणा घालायला ग्रहाला सुमारे सव्वीसशे वर्षं लागतात. अक्ष पृथ्वीसारखा कललेला असेल तर एकेक ऋतू साडेसहाशे वर्षांचा. हिवाळ्यात जन्मलेल्या माणसाच्या वीस-पंचवीस पिढ्या हिवाळ्यातच जातील. त्यांच्या भाषेत ‘वसंत’ हा शब्द असेल का? असलाच तर आपल्याकडे ‘सत्ययुग’ आहे तसा असेल, सगळ्यांना ठाऊक आणि कोणीच न पाहिलेला. उजेडही शिळा. ताऱ्यापासून निघालेला किरण तिथे तीन दिवसांहून जास्त वेळाने पोहोचतो.

तोही भरवशाचा नाही. आपल्या खऱ्या आकाशात मृगातला काक्षी (बीटलज्यूस) तारा याच जातीचा. २०१९च्या अखेरीस तो मंदावू लागला आणि फेब्रुवारी २०२०पर्यंत नेहमीच्या तेजाच्या साधारण एक-तृतीयांशावर आला. ताऱ्याने स्वतःच बाहेर फेकलेल्या वायूची धूळ होऊन ती आड आली होती. आपल्याला त्याची गंमत वाटली. काक्षीच्या उबेवर जगणारं कोणी असतं तर?

जागेविषयी थोडक्यात. असे तारे जेमतेम सत्तर-ऐंशी लाख वर्षं जगतात, जन्मस्थानापासून फार दूर जायला त्यांना वेळच मिळत नाही. कुंभकर्णाला म्हणून दीर्घिकेच्या सर्पिल भुजेतच ठेवायचा, तारे जिथे जन्मतात त्या तेजोमेघाशेजारी, निळ्या भावंडांच्या घोळक्यात. म्हाताऱ्या गोलाकार तारकागुच्छात तो शोभणार नाही. आणि या ग्रहावर जीव आपोआप उपजणार नाहीत, तेवढा अवधीच नाही. तिथली माणसं बाहेरून आलेलीच असणार. ताऱ्याची तांबडी अवस्था पाच लाख वर्षं धरली, तरी त्या ग्रहाच्या हिशेबाने ती दोनशे वर्षंसुद्धा भरत नाहीत.

शेवट ठरलेला आहे, गाभा कोसळणार. १९८७ साली मोठा मॅगेलन मेघ या शेजारच्या छोट्या दीर्घिकेत असाच एक तारा अतिनवतारा (सुपरनोव्हा) होऊन फुटला, तेव्हा न्यूट्रिनो, म्हणजे कशालाही फारसे न अडता आरपार जाणारे सूक्ष्म कण, प्रकाशाच्या काही तास आधी पृथ्वीवर आले होते. गाभ्यातून ते थेट निसटतात, स्फोटाच्या धक्क्याला मात्र सगळा तारा ओलांडून पृष्ठभागापर्यंत यावं लागतं. तो तारा तुलनेने लहान होता. कुंभकर्ण ओलांडायला धक्क्याला एक दिवस तरी लागेल.

त्या ग्रहावर जमिनीखाली, न्यूट्रिनो टिपणाऱ्या पाण्याच्या मोठ्या टाकीशी रात्रपाळीला एक बाई बसलीय. उपकरणावरची नोंद अचानक वेड्यासारखी वर जाते. ती जिना चढून बाहेर येते. कुंभकर्ण नुकताच उगवतोय, रोजच्यासारखा, पिवळसर. रस्त्यावरून कोणीतरी तिला हात करतं.

माझी गोष्ट इथून सुरू होते. ती अजून लिहून झालेली नाही, तेव्हा आता प्रश्न विचारा.