अर्ल वीव्हर बेसबॉल: मॅनेजरचं डोकं फ्लॉपीत उतरवणारा गेम

[पडद्यावर: गेममधली चालू मॅच]

१९८७ चा गेम आहे हा, अर्ल वीव्हर बेसबॉल. इलेक्ट्रॉनिक आर्ट्सने काढलेला, अमिगा ह्या घरगुती कम्प्युटरसाठी आणि आयबीएम पीसीसाठी. स्क्रीन नीट बघा, एका भागात पिचर, म्हणजे बॉल टाकणारा, आणि बॅटर जवळून दिसतात आणि दुसऱ्या भागात अख्खं मैदान, म्हणजे बॉल बॅटला लागला रे लागला की नजर इकडून तिकडे न्यायची. आज बघताना माणसं अगदीच ठोकळेबाज वाटतील, पीसीवर तर रंगही मोजकेच होते. तरी त्या काळच्या समीक्षकांनी ह्या गेमला डोक्यावर घेतलं, आणि ते का घेतलं हेच आज बघायचंय.

आधी अर्ल वीव्हर कोण ते सांगतो. बाल्टिमोर ओरिओल्स ह्या अमेरिकन बेसबॉल टीमचा मॅनेजर, १९६८ ते १९८२ आणि मग परत १९८५-८६. क्रिकेटमध्ये मैदानावरचा कॅप्टन ठरवतो ना, तसं बेसबॉलमध्ये नसतं, तिथे डगआउटमध्ये, म्हणजे मैदानाकडेच्या टीमच्या बाकावर, बसलेला मॅनेजर ठरवतो, पिचर कधी बदलायचा, कुणाच्या जागी कोण बॅटिंगला जाणार, सगळं त्याच्या हातात. वीव्हर बुटका माणूस, आवाज मोठा, अंपायरशी भांडायला जाताना टोपी उलटी करायचा म्हणजे अगदी नाकाला नाक लावून ओरडता येईल! नव्वदहून जास्त वेळा त्याला मॅचमधून बाहेर काढलंय. लोकांच्या लक्षात हा राडाच राहिला.

पण माझ्या मते खरा वीव्हर त्याच्या कार्डांमध्ये होता. कुठला बॅटर कुठल्या पिचरसमोर आजवर कसा खेळलाय, ही माहिती त्याच्याकडे कार्डांवर लिहिलेली असायची, तीसुद्धा टीमच्या ऑफिसात कम्प्युटर यायच्या कितीतरी आधी. त्याच्याकडे मार्क बेलांगर म्हणून एक शॉर्टस्टॉप, म्हणजे दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसमधला फील्डर, होता, फील्डिंगला एक नंबर आणि बॅटिंगला कच्चा. पण नोलन रायन ह्या पिचरच्या वेगापुढे जिथे भल्याभल्यांची भंबेरी उडायची तिथे ह्या बेलांगरचे आकडे चांगले होते. कार्ड तसं सांगत होतं आणि वीव्हर कार्डाचं ऐकायचा. तसंच बंटचं. बंट म्हणजे बॉल बॅटने नुसता हळूच टेकवायचा आणि बहुतेकदा स्वतः आउट होऊन पुढच्या रनरला एक बेस पुढे सरकवायचं, वीव्हरला ते अजिबात आवडायचं नाही, कारण मॅचमध्ये सत्तावीसच आउट मिळतात, त्यातला एक फुकट का द्यायचा? पिचिंग, फील्डिंग आणि तीन रनचा होमरन, म्हणजे दोन रनर बेसवर असताना बॉल थेट मैदानाबाहेर, हा त्याचा सरळ हिशोब.

आता गेम बनवणाऱ्यांकडे येऊ. डॉन डॅगलो. १९७१ मध्ये कॅलिफोर्नियातल्या पोमोना कॉलेजात शिकत असताना त्याने पीडीपी-१० ह्या मोठ्या कम्प्युटरवर बेसबॉलचा प्रोग्रॅम लिहिला होता, चित्रबित्र काही नाही, मॅचमध्ये काय घडलं ते नुसत्या शब्दांत. कम्प्युटरवरच्या अगदी पहिल्या बेसबॉल गेमपैकी तो एक. पुढे तो मॅटेल ह्या खेळण्यांच्या कंपनीत गेला, तिच्या इंटेलिव्हिजन ह्या गेम कन्सोलवर काम करायला. तिथे १९८० चा मेजर लीग बेसबॉल तुफान खपलेला, पण त्यात एक गंमत होती की उंच उडालेला कॅचच नव्हता, बॉल जमिनीवरूनच धावायचा आणि तुम्ही कंट्रोलरवरच्या बटणांनी फील्डर निवडून त्याला पळवायचा.

डॅगलोला टीव्हीवर दिसतं तसं बेसबॉल हवं होतं. पिचरच्या मागून कॅमेरा, मग बॉल उडाला की वेगळा अँगल. त्याला जोडीला मिळाला एडी डॉम्ब्रोव्हर, जो प्रोग्रॅमर तर होताच पण नर्तकही होता, नाचाच्या हालचाली अॅपल टू कम्प्युटरवर मांडायची सिस्टीम त्याने आधीच बनवली होती. मला ही गोष्ट फार महत्त्वाची वाटते. शरीर वळताना वजन कुठल्या पायावर जातं हे ज्याला कळतं, त्याने काढलेला पिचर वेगळाच दिसणार ना!

ह्या दोघांचा गेम १९८३ मध्ये आला, वर्ल्ड सिरीज मेजर लीग बेसबॉल. अनेक कॅमेरा अँगल, बोलून कॉमेंट्री करणारा आवाज, लाइनअप, म्हणजे टीमचा बॅटिंगचा क्रम, कॅसेटवर सेव्ह करायची सोय, १९८३ च्या मानाने हे सगळं भन्नाटच होतं. पण खेळायचा तर कीबोर्डवालं वेगळं युनिट विकत घ्यावं लागायचं, आणि नेमका तेव्हाच अमेरिकेतला व्हिडिओ गेमचा बाजार कोसळला. मॅटेलने १९८४ च्या सुरुवातीला इलेक्ट्रॉनिक्सचं दुकानच बंद केलं. एवढा चांगला गेम, आणि फारसा कुणाच्या हातातच पडला नाही. आज इतिहास लिहिणारे त्याचं कौतुक करतात, पण कौतुकाची गरज तेव्हा होती.

मग दोघं इलेक्ट्रॉनिक आर्ट्समध्ये परत एकत्र आले आणि ह्यावेळी वीव्हरला गाठलं. नुसतं नाव आणि फोटो घेऊन बॉक्सवर छापणं सोपं होतं, तसं तेव्हाही चालायचं आणि आजही चालतं. ह्यांनी वीव्हरच्या लांबलचक मुलाखती घेतल्या, अशी परिस्थिती आली तर तू काय करशील, का करशील, आणि ती उत्तरं प्रोग्रॅममध्ये घातली. कम्प्युटर मॅनेजर म्हणून समोर बसतो तेव्हा त्या उत्तरांवरून निर्णय घेतो.

[पडद्यावर: मॅनेजर मोडचा मेनू]

हे बघा, इथे तुम्ही बॅट फिरवतच नाही. फक्त मॅनेज करायचं, खेळाडू आपापलं खेळणार. समजा पुढचा बॅटर डावखुरा आहे, तुमचा पिचर थकत आलाय, बाहेर डावखुरा रिलीव्हर, म्हणजे बदली पिचर, गरम होतोय, डावखुऱ्या बॅटरला तो जड जाईल, पण त्याला आता आणला तर पुढच्या उजव्या बॅटरचं काय? हा विचार तुम्ही करत असता आणि पलीकडून वीव्हरच्या डोक्याने चालणारा प्रोग्रॅमही तोच विचार करत असतो. शिवाय मैदानं वेगवेगळी, त्यांची भिंत किती लांब आहे त्यावर तोच फटका एकीकडे होमरन आणि दुसरीकडे कॅच. बेसबॉलवाले ह्यावरून तासन् तास वाद घालतात आणि गेमने तो वाद खेळून बघायची सोय केली. अमिगावर तर मशीनच्या आवाजात खेळाडूंची नावंही पुकारली जायची. पुढे कमिशनर्स डिस्क आली, तिच्यात खेळाडूंचे आकडे बदलायचे, आपली लीग चालवायची, लोक त्यात बुडूनच गेले.

कम्प्युटर गेमिंग वर्ल्ड हे तेव्हाचं वजनदार मासिक, त्यांनी ह्याला आपल्या हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे मानाच्या यादीत, घेतलं. आणि १९९६ मध्ये, म्हणजे गेम नऊ वर्षं जुना झाल्यावर, त्यांनी सर्वकाळच्या १५० उत्तम गेमची यादी केली तेव्हा हा २५ व्या नंबरवर होता. एक लक्षात घ्या, स्पोर्ट्स गेम सगळ्यात लवकर शिळे होतात, खेळाडू रिटायर होतात, दरवर्षी नवीन आवृत्ती येते आणि जुनी कुणी विचारत नाही. तरी ह्याची आठवण टिकली. योगायोग असा की त्याच १९९६ मध्ये वीव्हर स्वतःही कूपर्सटाउनच्या बेसबॉल हॉल ऑफ फेममध्ये गेला.

१९९१ मध्ये अर्ल वीव्हर बेसबॉल २ आला. नाव तेच, पण डॅगलो आणि डॉम्ब्रोव्हर त्यात नव्हते, आणि पहिल्याला जो मान मिळाला तो दुसऱ्याच्या वाट्याला आला नाही. डॅगलोने तोवर स्वतःची कंपनी काढली होती आणि त्याच वर्षी टोनी ला रूसा बेसबॉल आणला, परत एक खरा मॅनेजर, परत तीच पद्धत. उंच उडालेला बॉल कुठे पडणार ते मैदानावर दाखवणारी खूण त्यात होती, फील्डरला तिथे न्यायचं आणि कॅच घ्यायचा, आजच्या बेसबॉल गेममध्येही ती असते. पहिल्याचा खरा दुसरा भाग मी ह्यालाच म्हणेन.

खेळून बघणार असाल तर शक्यतो अमिगावालाच घ्या, पीसीवर आवाजाची मजा नाही. आणि सुरुवात मॅनेजर मोडपासून करा, बॅटिंगचं टायमिंग जमायला वेळ लागतो आणि तेवढ्यात कंटाळून बंद केलात तर ह्या गेममधलं सगळ्यात चांगलं काम तुम्ही बघितलंच नाही असं होईल.