टॅमर वॉलबी माहेरी परतली तेव्हा

नमस्कार.

सुरुवात आग्र्यापासून करते. 1620 च्या दशकात डच ईस्ट इंडिया कंपनीचा फ्रान्सिस्को पेल्सार्ट नावाचा व्यापारी कित्येक वर्षं आग्र्यात होता. नीळ खरेदी करणं हे त्याचं मुख्य काम. जहांगीराच्या काळातल्या सामान्य माणसाच्या राहणीबद्दल त्याने जे लिहून ठेवलं, ते इतिहासाचे अभ्यासक आजही वापरतात. हाच पेल्सार्ट 1629 मध्ये 'बटाविया' या जहाजाचा प्रमुख होता. ते जहाज जावाकडे जाताना ऑस्ट्रेलियाच्या पश्चिम किनाऱ्याजवळ, अब्रोल्होस बेटांच्या खडकांवर फुटलं. त्या बेटांवर पुढे माणसांनी माणसांचे जे हाल केले ते भयंकर आहेत, पण आज त्यात शिरत नाही. मला सांगायची आहे ती त्याच्या वहीतली एका प्राण्याची नोंद.

मांजरासारखा प्राणी, असं तो लिहितो. पुढचे पाय अगदी तोकडे, मागचे लांबलचक, आणि मादीच्या पोटाला पिशवी. पिशवीत हात घालून पाहिलं तर आत स्तनाला चिकटलेलं पिल्लू, घेवड्याच्या दाण्याएवढं, पण अवयव सगळे जागच्या जागी. त्याने निष्कर्ष काढला की ही पिल्लं स्तनातूनच फुटत असणार, झाडाला कोंब फुटावा तशी. तो चुकला. पण डोळ्यांनी पाहिलं ते मात्र त्याने अचूक लिहिलं. त्या प्राण्याला आपण आज टॅमर वॉलबी म्हणतो. कांगारूच्या कुळातल्या प्राण्याचं युरोपियन माणसाने केलेलं हे पहिलं तपशीलवार वर्णन.

कांगारू आणि वॉलबी यांत फरक काय, हा प्रश्न मला प्रत्येक ठिकाणी विचारला जातो. शास्त्राच्या दृष्टीने त्यांच्यात पक्की भिंत नाही. मोठा तो कांगारू, लहान ती वॉलबी, एवढंच. टॅमर ही तर वॉलबींमध्येही लहान, चार ते दहा किलोंची. त्या घेवड्याच्या दाण्यावर मात्र थोडं थांबायला हवं, कारण पुढची सगळी गोष्ट त्यावरच उभी आहे.

जन्मलेलं टॅमरचं पिल्लू साधारण 400 मिलिग्रॅमचं असतं. अर्धा ग्रॅमही नाही. डोळे नाहीत, मागचे पाय म्हणजे नुसते अंकुर. पुढच्या पायांना मात्र नख्या असतात, आणि त्या नख्यांनी आईच्या केसांना धरत धरत ते स्वतः पिशवीपर्यंत चढतं. आत जाऊन स्तन तोंडात धरतं, आणि स्तनाचं टोक त्याच्या तोंडात फुगतं, म्हणजे ते सुटून पडू नये. हा जीव पुढचे आठ-नऊ महिने पिशवीत वाढतो. दरम्यान आईने जन्मानंतर काही तासांतच पुन्हा समागम केलेला असतो. नवा गर्भ शंभरेक पेशींचा होतो आणि तिथेच थांबतो. मरत नाही, वाढतही नाही. पिशवीतलं पिल्लू दूध पितं आहे तोवर तो थांबलेला. आणि पिल्लू दूध सोडू लागलं तरी डिसेंबरमधला सर्वांत मोठा दिवस उलटेपर्यंत थांबलेलाच. दक्षिण गोलार्धात तो उन्हाळा, हे लक्षात घ्या. मग दिवस लहान होऊ लागले की गर्भ जागा होतो आणि जानेवारीच्या अखेरीस पुढचं पिल्लू जन्माला येतं. मी पहिल्यांदा हे वाचलं तेव्हा पान पुन्हा उलटून पाहिलं होतं, काही चुकीचं तर वाचलं नाही ना म्हणून.

आता इतकी चिवट व्यवस्था असलेला प्राणी संपतो कसा?

1989 मध्ये बर्बिज आणि मॅकेन्झी या दोन ऑस्ट्रेलियन शास्त्रज्ञांनी एक गोष्ट आकड्यांनी दाखवून दिली. तिथले जे सस्तन प्राणी संपले किंवा संपत आले, त्यांतले बहुतेक 35 ग्रॅम ते साडेपाच किलो या वजनातले होते. त्याहून लहान ते बिळात, फटीत लपतात. त्याहून मोठे ते पळतात किंवा लाथ मारतात. मधले मेले. कोल्हा आणि मांजर यांना एका वेळी पेलेल असा घास नेमका याच वजनाचा असतो. युरोपियन वसाहतवाल्यांनी शिकारीच्या हौसेसाठी एकोणिसाव्या शतकात लाल कोल्हा आणून सोडला. मांजरं तर पहिल्या जहाजांबरोबरच आली होती. आपल्याकडचा ससा हजारो पिढ्या कोल्ह्याच्या वासावर कान टवकारत जगला आहे. तिथल्या प्राण्यांना ती शाळाच मिळाली नव्हती. त्यात कुरणांसाठी झुडपं तोडली, दलदली आटवल्या, आदिवासींची पिढ्यानपिढ्या चालत आलेली, छोट्या छोट्या आगी लावून रान थोडं थोडं जाळण्याची पद्धत मोडली. लपायला जागा उरली नाही आणि शिकारी नवा.

टुलेची नावाची एक वॉलबी होती. दक्षिण ऑस्ट्रेलियाच्या आग्नेय कोपऱ्यात आणि त्याला लागून व्हिक्टोरियात तिचा वावर होता. अतिशय वेगवान, देखणी, पाठीच्या मागच्या भागावर फिकट पट्टे. तिच्यामागे कुत्रे सोडून शिकार व्हायची, फर विकली जायची. मूठभर उरल्या तेव्हा, 1923 मध्ये, वुड जोन्स या प्राध्यापकांच्या पुढाकाराने त्यांना पकडून कांगारू बेटावर सुरक्षित नेण्याचा प्रयत्न झाला. हेतू चांगला होता. पण पकडायचं म्हणजे पाठलाग आला, आणि या कुळातल्या प्राण्यांना पाठलाग मानवत नाही. भीती आणि अतिश्रम यांनी स्नायू आतून निकामी होतात, हृदय बंद पडतं. वाचवायला गेलेल्या माणसांच्या हातात ती जनावरं दगावली. कैदेतली शेवटची टुलेची 1939 मध्ये गेली. मला या माणसांचा राग येत नाही. पण उशीर झाला होता, फार उशीर. थोडी शिल्लक राहिल्यावर चुकायलासुद्धा जागा नसते.

टॅमरचंही असंच व्हायचं होतं. दक्षिण ऑस्ट्रेलियाच्या मुख्य भूमीवरची टॅमर ही स्वतंत्र उपजात. कांगारू बेटावरच्या टॅमर वेगळ्या, पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या वेगळ्या. मुख्य भूमीवरची ही उपजात 1920 च्या दशकात नाहीशी झाली. पुस्तकांत 'नामशेष' असा शिक्का बसला.

मात्र सर जॉर्ज ग्रे हे गृहस्थ आधी दक्षिण ऑस्ट्रेलियाचे आणि नंतर न्यूझीलंडचे गव्हर्नर होते. 1862 मध्ये त्यांनी ऑकलंडजवळचं कवाऊ बेट विकत घेतलं आणि तिथे देशोदेशींचे प्राणी आणून सोडले. मोर, झेब्रे आणि 1870 च्या सुमारास वॉलबी. झेब्रे गेले, वॉलबी फोफावल्या. इतक्या, की बेटावरच्या रानात नवी रोपं वर येईनात. न्यूझीलंडला त्या नकोशा झाल्या. शेतकरी मारत, सरकार मारे, आणि त्यात चूक काही नव्हती, कारण त्या रानाचे मूळ रहिवासी वेगळे होते. 1990 च्या दशकाच्या अखेरीस त्यांची आनुवंशिक तपासणी झाली. तेव्हा कळलं की कवाऊवर ज्यांना उपद्रवी म्हणून संपवायचं चाललं होतं, त्याच दक्षिण ऑस्ट्रेलियाच्या मुख्य भूमीवरून गेलेल्या टॅमर. माहेरी संपलेलं घराणं सासरी नांदत होतं, आणि माहेरच्यांना पत्ता नव्हता.

2003 आणि 2004 मध्ये 85 टॅमर विमानाने परत आल्या. ॲडलेडजवळच्या मोनार्टोत त्यांना विलग ठेवलं, वाढवलं. नोव्हेंबर 2004 मध्ये यॉर्क द्वीपकल्पाच्या टोकाला, इनेस राष्ट्रीय उद्यानात, पहिली तुकडी गळ्यात रेडिओ पट्टे घालून सोडली. त्याआधी आणि त्यानंतर सतत कोल्ह्यांसाठी विषारी आमिषं टाकावी लागली, आजही लागतात. पण वस्ती टिकली.

मी कांगारू बेटावर एकदा तिन्हीसांजेला टॅमर पाहिल्या आहेत. झुडपाच्या कडेला आधी काहीच नसतं. मग एक करडी पाठ, मग दुसरी. गवताची काडी पुढच्या दोन्ही पंजांत धरून त्या खातात. माझ्या पायाखाली काटकी मोडली, आणि एकीने मागचा पाय जमिनीवर आपटला. धप्प. तो आवाज मला तळपायातून कळला. क्षणात सगळी कडा रिकामी. हजारो वर्षं त्या बेटावर कोल्हा नव्हता, तरी इशारा देण्याची सवय गेलेली नाही.

आता वारू. ऑस्ट्रेलियाच्या मध्यभागी, दक्षिण ऑस्ट्रेलियाच्या वायव्येला, अनांगू लोकांच्या जमिनीवर खडकाळ डोंगरात राहणारी ही काळ्या पायांची रॉक वॉलबी. वारू हे पिट्जान्ट्जाट्जारा भाषेतलं तिचं नाव. या शतकाच्या सुरुवातीला तिथे त्या शंभराच्या आत आल्या होत्या. इथे मघाचा थांबलेला गर्भ कामाला आला. वारूच्या पिशवीतलं कोवळं पिल्लू अलगद काढून घेतलं की आईचं दूध थांबतं, थांबलेला गर्भ जागा होतो, महिन्याभरात नवं पिल्लू येतं. काढलेलं पिल्लू दुसऱ्या जातीच्या, पिवळ्या पायांच्या रॉक वॉलबीच्या पिशवीत ठेवतात. ती परकी आई त्याला वाढवते. म्हणजे वर्षाला एकाऐवजी कितीतरी पिल्लं.

याची किंमतही सांगायला हवी. त्या पालक आईचं स्वतःचं पिल्लू आधी बाजूला करावं लागतं. दोघांना एका वेळी पाजणं तिला शक्य नसतं. हे काम करणाऱ्यांना ते जड जातं, आणि जड जायलाच हवं.

अशी काही पिल्लं डोंगरातून ॲडलेडच्या प्राणिसंग्रहालयात नेली, वाढवली आणि 2011 पासून परत त्यांच्याच मुलखात आणली, सुमारे 100 हेक्टरांच्या कुंपणात. कोल्हा आणि मांजर चढू शकणार नाही असं ते कुंपण. त्या भाषेत त्याला 'पिंट्जी' म्हणतात. आत राहून ती मोठी होतात, वास, खडक, चारा ओळखतात, मग उघड्या डोंगरात जातात. अनांगू रेंजर लेंड्या मोजतात, माग काढतात, आमिषं टाकतात. मांजराच्या पावलाचा ताजा ठसा आणि कालचा ठसा यांतला फरक तिथल्या वयस्क बायका वाळूकडे एकदा बघून सांगतात.

दर वेळी हा प्रश्न येतो, म्हणून आधीच उत्तर देते. कोल्ह्या-मांजरांचा काय दोष? काही नाही. मांजर आपल्या पोटासाठी शिकार करतं. त्याला तिथे नेऊन सोडलं माणसाने, आणि त्याच्या दाताखाली जे संपलं त्याचाही जबाबदार माणूसच. जीव घेणं मला आवडत नाही, आमच्या घरात मुंगीही मारत नसत. तरीही मी आमिष टाकणाऱ्यांच्या बाजूने उभी आहे. तिथे काहीच न करणं म्हणजेही मारणंच आहे, फक्त मरणारा आपल्याला दिसत नाही. रात्री, झुडपाखाली, पिशवीतल्या पिल्लासकट मरतो.

क्वीन्सलंडमध्ये 1973 साली एका कुंपणवाल्या कंत्राटदाराने नियतकालिकात नामशेष प्राण्यांवरचा लेख वाचला. त्यात शेपटीच्या टोकाला नखासारखा काटा असलेल्या एका वॉलबीचं वर्णन होतं. 1937 नंतर ती कुणाला दिसली नव्हती. हा प्राणी तर आपण कामावर असताना रोज पाहतो, असं त्याच्या लक्षात आलं आणि त्याने कळवलं. अधिकारी आले. डिंगो नावाच्या गावाजवळच्या त्या बाभळीच्या रानात ती खरोखर होती. पुढे सरकारने ती जमीन घेतली, आणि आज ते टॉन्टन राष्ट्रीय उद्यान आहे. पर्यटकांना तिथे प्रवेश नाही.