सेलकर्कचं बेट आणि दिवाळ्याची खाडी

(दृश्य: बेलापूर, दिवाळे कोळीवाडा. ओहोटी. चिखलात टेकलेल्या होड्या, मागे तिवरं.)

समोर एवढं पाणी आहे, पण त्यातला पेलाभरही पिण्याजोगा नाही. खुल्या समुद्राच्या एका लिटरमध्ये साधारण 35 ग्रॅम मीठ असतं. आपली मूत्रपिंडं इतकं खारट मूत्र बनवू शकत नाहीत. ते मीठ बाहेर टाकायला प्यायलेल्या पाण्यापेक्षा जास्त पाणी खर्ची पडतं, म्हणून समुद्र प्यायलेला माणूस न प्यायलेल्याच्या आधी जातो.

इथून जवळच, करावे गावात, टी. एस. चाणक्य या प्रशिक्षणसंस्थेत मर्चंट नेव्हीची मुलं घडतात. जहाजावर पाय ठेवण्याआधी प्रत्येक खलाशाला जीव वाचवण्याचा कोर्स करावाच लागतो. त्यातला एक धडा म्हणजे उलटा पडलेला लाइफराफ्ट, म्हणजे गॅसनं फुगणारा जीवरक्षक तराफा, सुलटा करणं. गॅसचा सिलिंडर असलेली बाजू वारा ज्या दिशेला वाहत जातो त्या अंगाला आणायची, सिलिंडरवर उभं राहायचं, तळाचा पट्टा धरून मागे रेलायचं. समोरची कड उचलली की वारा तिला पलटवतो. चुकीच्या बाजूनं ओढलं तर तोच जड सिलिंडर डोक्यावर येतो.

(दृश्य: जुना नकाशा. चिलीचा किनारा, पश्चिमेला एक ठिपका.)

1704 साल. चिलीपासून सुमारे 670 किलोमीटरवरचं मास आ तिएरा बेट. ‘सिंक पोर्ट्स’ या जहाजाचा सेलिंग मास्टर, स्कॉटलंडचा अलेक्झांडर सेलकर्क, कॅप्टन स्ट्रॅडलिंगशी भांडला. जहाजाची लाकडं किड्यांनी पोखरली आहेत, यातून पुढे जाण्यापेक्षा मला इथेच सोडा, असं त्याचं म्हणणं. कॅप्टननं सोडलंही. होडी परत निघाल्यावर सेलकर्कचं मन फिरलं. कॅप्टनचं फिरलं नाही. जहाजाबद्दलचा सेलकर्कचा अंदाज मात्र खरा ठरला, ते पुढे बुडालंच.

त्याच्याजवळ बंदूक, थोडी दारूगोळ्याची शिदोरी, कुऱ्हाड, सुरी, किटली, अंथरूण, बायबल आणि दिशा मोजायची उपकरणं होती. पाण्याची चिंता नव्हती, कारण बेट डोंगराळ आहे आणि ओढे वाहते. तो आपल्या लक्षद्वीपच्या निर्मनुष्य सुहेलीसारख्या सपाट प्रवाळबेटावर उतरला असता, तर गोष्ट वेगळी झाली असती. तिथे वाळूत मुरलेल्या पावसाचा गोडा थर खाऱ्या पाण्यावर तरंगत असतो. उथळ खड्डा खणून थोडं थोडं उपसलं तर गोडं मिळतं. हावरटपणानं खोल खणलं की खालचं खारं वर चढतं.

खाण्याच्या बाबतीत तो दुसऱ्यांनी मागे ठेवलेल्यावर जगला. बेटावरच्या बकऱ्या आधीच्या खलाशांनी सोडलेल्या. सलगमही तसेच. उंदीरही जहाजांतूनच उतरलेले. ते रात्री त्याचे पाय कुरतडत. त्यावर त्यानं जहाजांचीच रानटी झालेली मांजरं बकरीचं मांस घालून माणसाळवली. मासे भरपूर होते, पण मिठावाचून खाल्ले की पोट बिघडायचं, म्हणून समुद्रातून फक्त मोठे शेवंड. चहूबाजूंनी समुद्र आणि मीठ नाही! भाईंदरच्या मिठागरांशेजारून लोकलनं गेलेल्यांना हसू येईल. पण मिठागराला सपाट चिकणमाती, भरतीचं पाणी अडवणारे बांध आणि सलग कडक ऊन लागतं. इथे उभे कडे.

बंदुकीची दारू संपल्यावर तो बकऱ्या पळून पकडू लागला. मारलेल्यांचा हिशेब ठेवला, सुमारे 500. तेवढ्याच पकडून, कानावर खूण करून सोडल्या. एकदा झुडपाआडचा कडा दिसला नाही आणि तो बकरीसकट कोसळला. शुद्धीवर आला तेव्हा मेलेली बकरी खाली होती. झोपडीपर्यंत सरपटत गेला आणि दहा दिवस बाहेर पडला नाही.

सुरी झिजली तेव्हा किनाऱ्यावर सापडलेल्या पिंपांच्या लोखंडी पट्ट्या ठोकून पातळ केल्या, दगडावर घासल्या. कपडे बकरीच्या कातड्याचे, त्याच कातड्याच्या वाद्यांनी शिवलेले, सुई म्हणजे खिळा. कापडाच्या सदऱ्यांना दोरा जुन्या मोज्यांची लोकर उसवून काढलेला. विस्तव पिमेंटो झाडाची दोन लाकडं गुडघ्यावर घासून.

मग शीड दिसल्यावर तो धावत का नाही गेला? गेला होता. जहाज स्पॅनिश निघालं. त्यांच्या लेखी इंग्रज जहाजावरचा खलाशी म्हणजे शत्रू. ते गोळ्या झाडत मागे लागले आणि हा झाडावर चढून बसला. आपण कुठे आहोत हे जाणणाऱ्या माणसाला ते कळवायचं कोणाला, ही त्याची खरी अडचण. 1709च्या फेब्रुवारीत इंग्रज कॅप्टन वूड्स रॉजर्सची जहाजं आली, तेव्हा त्यानं पेटवलेला जाळ पाहून त्यांनाही आधी फ्रेंच जहाजांचे दिवे वाटले. होडी किनाऱ्याला लागली, तर हा माणूस अर्धे अर्धे शब्द बोलत होता. बूट घातले तर पाय सुजले.

(दृश्य: लाइफराफ्ट, वरून.)

आज राफ्टबरोबर एपर्ब (EPIRB), म्हणजे आपण कुठे आहोत हे कळवणारा संकटसंदेशाचा छोटा ट्रान्समीटर, घ्यायचा. त्याचा 406 मेगाहर्ट्झचा संदेश उपग्रहाकडून बंगळुरूच्या केंद्रात, तिथून मुंबईच्या तटरक्षक दलाकडे. बॅटरी किमान 48 तास. अनेकजण तो भिजू नये म्हणून राफ्टच्या छताखाली ओढून घेतात. तो भिजण्यासाठीच बनवलेला आहे. दोरीनं राफ्टला बांधायचा, पाण्यात सोडायचा, अँटेना आकाशाकडे, आणि सुटका होईपर्यंत बंद करायचा नाही.