वेंगुर्ला रोडचा खासदार

(दृश्य: पहाट. हिंडलगा ओलांडून जाणारा रस्ता. दुधाच्या गाड्या.)

बेळगावातून कोकणात उतरायचं तर हा वेंगुर्ला रोड. हिंडलगा, सुळगा, बाची मागे पडलं की शिनोळी येतं, आणि शिनोळीला राज्य बदलतं. पाट्यांची लिपी बदलते, माणसांचं बोलणं तेच राहतं. पुढे आंबोलीचा घाट, सावंतवाडी, आणि मग समुद्र.

रस्त्याच्या त्या टोकाला, वेंगुर्ल्यात, २५ सप्टेंबर १९२२ रोजी नाथ बापू पै जन्मले. या टोकाला, बेळगावात, १८ जानेवारी १९७१ रोजी ते गेले. वय अवघं अठ्ठेचाळीस.

शिक्षणासाठी ते बेळगावात आले आणि हे गाव त्यांचं झालं. १९४२ च्या चळवळीत उडी घेतली, तुरुंग भोगला. मग विलायत, बॅरिस्टरी, तरुण समाजवाद्यांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेचं अध्यक्षपद. व्हिएन्नाच्या क्रिस्टल त्यांच्या सहचारिणी झाल्या. एवढं सगळं पाहिलेला माणूस परत आला तो थेट कोकणातल्या धुळीच्या वाटांवर मतं मागायला.

(दृश्य: राजापूरची जुनी बाजारपेठ, कौलारू घरं.)

१९५७, १९६२, १९६७. प्रजा समाजवादी पक्षाच्या नाथ पैंना राजापूर मतदारसंघाने तीनदा लोकसभेत पाठवलं. घरटी एक माणूस मुंबईच्या गिरणीत, मागे उरलेल्यांच्या हाती मनिऑर्डरीचा आधार, असं ते कोकण. त्या माणसांसाठी त्यांनी कोकण रेल्वेचा आग्रह धरला. १९६० च्या केंद्रीय कर्मचाऱ्यांच्या संपातही ते आघाडीवर होते.

पण आम्हा सीमाभागातल्या लोकांना त्यांच्याबद्दल जे वाटतं त्याचं कारण वेगळं आहे.

१६ जानेवारी १९५६ ला बेळगाव म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात जाणार हे रेडिओवरून कळलं. दुसऱ्या दिवशी बेळगाव रस्त्यावर आलं आणि गोळीबार झाला. मारुती बेन्नाळकर, मधुकर बांदेकर, महादेव बारागडी, लक्ष्मण गावडे. निपाणीत कमळाबाई मोहिते. ही नावं इथल्या मुलांना पाठ असतात. १ नोव्हेंबरला राज्य बदललं. तेव्हापासून १ नोव्हेंबर आमचा काळा दिन आणि १७ जानेवारी हुतात्मा दिन.

राज्यांची सीमा आखताना खेडं हा घटक धरा, भाषिक बहुसंख्या बघा, भौगोलिक सलगता बघा, लोकांची इच्छा विचारा, एवढीच मागणी होती. महाराष्ट्र एकीकरण समितीने याच मागणीवर विधानसभेत आमदार धाडले. दिल्लीला मात्र बेळगावातून समितीचा खासदार कधीच जाऊ शकला नाही. आमचं गाऱ्हाणं लोकसभेत मांडायचं ते राजापूरकरांनी निवडून दिलेल्या माणसाने. म्हणजे आमचा खासदार दुसऱ्यांनी निवडला होता, घाटाखालच्या लोकांनी. हे ऋण बेळगावात पुरेसं बोललं जात नाही असं मला वाटतं.

(दृश्य: संसद भवन, जुनी कृष्णधवल चित्रं.)

त्यांचं सगळ्यात गाजलेलं काम वरवर पाहता सीमाप्रश्नाचं नाही. २७ फेब्रुवारी १९६७ ला सर्वोच्च न्यायालयाने गोलकनाथ खटल्यात सहा विरुद्ध पाच असा निकाल दिला: मूलभूत हक्कांना कात्री लावणारी घटनादुरुस्ती संसदेला करता येणार नाही. ७ एप्रिलला नाथ पैंनी खासगी विधेयक मांडलं. लोकांनी निवडून दिलेल्या सभागृहाचा हा अधिकार स्पष्ट करा, असं ते विधेयक म्हणत होतं. विरोधी बाकावरच्या एका खासदाराचं विधेयक, पण ते संयुक्त समितीपुढे गेलं, त्यावर देशभर वाद झडले. आजही वकील मंडळी त्याला 'नाथ पै विधेयक' म्हणूनच ओळखतात.

मी बेळगावचा, म्हणून मला या विधेयकात आमचा रस्ताही दिसतो. घटनेच्या कलम ३ प्रमाणे राज्यांच्या सीमा बदलायचा अधिकार संसदेचाच आहे. याच १९६७ साली सीमाप्रश्नासाठी नेमलेल्या महाजन आयोगाने बेळगाव आहे तिथेच ठेवा असं सांगितलं, महाराष्ट्राने ते नाकारलं. आयोग होऊन गेले, २००४ पासून महाराष्ट्राचा दावा सर्वोच्च न्यायालयात आहे, आणि संसद गप्प आहे. संसदेवर इतका जीव टाकणारा माणूस आम्हाला मिळाला होता, तो आणखी वीस वर्षं हवा होता.

२७ डिसेंबर १९७० ला लोकसभा विसर्जित झाली आणि विधेयकही तिच्याबरोबर गेलं. त्यांनी मागितलेला तो अधिकार चोविसाव्या घटनादुरुस्तीने संसदेला मिळाला, नोव्हेंबर १९७१ मध्ये. तोवर ते नव्हते.

(दृश्य: बेळगाव, हुतात्मा चौक. फुलं.)

१७ जानेवारी १९७१. निवडणूक तोंडावर, हृदय थकलेलं. तरी ते बेळगावात हुतात्म्यांच्या सभेला आले आणि बोलले. त्या सभेला गेलेली माणसं आता फार थोडी उरली आहेत. ती अजूनही भाषणाचे शब्द सांगत नाहीत, आवाजाबद्दलच सांगतात. त्याच रात्री हृदयविकाराने गाठलं, आणि तारीख बदलली तेव्हा बॅरिस्टर गेले होते.

मार्चमध्ये राजापूरने मधु दंडवत्यांना निवडलं. कोकणात रेल्वे आली. २००८ मध्ये राजापूर मतदारसंघाचं नावही पुसलं गेलं.

शहापुरात नाथ पै चौक आहे. हुतात्मा चौकात दरवर्षी १७ तारखेला माणसं जमतात, फुलं वाहतात. दुसऱ्या दिवशी सकाळी ती फुलं तिथेच असतात. ती तारीख नाथ पैंची.