भट्टीवरचे चिंचोके

(दृश्य : पहाटेचा अंधार. बॅटरीच्या उजेडात कच्च्या विटांच्या रांगा. विटांच्या चिखलाचा गारा आपटल्याचा आवाज.)

पहाटेचे साडेतीन. भिवंडी तालुक्यातली ही वीटभट्टी केव्हाच जागी झालीय. गारा रात्रीच मळून ठेवलेला असतो. त्यातला गोळा उचलायचा, साच्यात आपटायचा, वरचा जादा गारा हातानं निपटून काढायचा आणि साचा जमिनीवर उलटा करायचा. झाली वीट. लगेच पुढचा गोळा. मजुरी हजार विटांच्या हिशेबानं, म्हणून उन्हं तापायच्या आत जमेल तेवढं थापून घ्यायचं. एक जण गोळे करून देतो, दुसरा साचा मारतो. नवरा-बायकोची मिळून एक जोडी धरतात. तिसऱ्याची मोजणी नाही.

(दृश्य : बांबूच्या तिकाटण्याला बांधलेली साडीची झोळी.)

तिसरा इथं आहे. दीड वर्षाचा.

आईबाप शहापूर तालुक्यातल्या एका कातकरी वाडीतले. पावसाळ्यात हाताला काम नसतं, तेव्हा मुकादमाकडून उचल घेतलेली असते. दिवाळी झाली की ती फेडायला सगळं बिऱ्हाड ट्रकमध्ये चढतं: भांडी, गोधड्या, कोंबड्या, पोरं. परतायचं ते पाऊस तोंडावर आला म्हणजे.

पोषणाचं काम करणारे ‘पहिले हजार दिवस’ म्हणतात. गरोदरपणाचे 270 आणि त्यानंतरच्या दोन वर्षांचे 730. या मुलाचे हजार दिवस आम्ही त्याच्या आईबरोबर बसून मोजले. तो जन्मला श्रावणात. त्याआधीचा अख्खा हंगाम आई पोटुशी असताना याच गाऱ्यात उभी होती. पुढच्या हंगामाला ती तीन महिन्यांचं तान्हं घेऊन आली. हा तिसरा हंगाम. हजारांतले जवळजवळ सहाशे दिवस भट्टीवर.

(दृश्य : ताई चपला काढून झोपडीत वाकून शिरतात. पिशवीतून पट्टी काढतात. जवळून.)

या ताई शेजारच्या गावातल्या अंगणवाडीच्या सेविका. दर गुरुवारी दुपारनंतर इथं येतात, रिक्षाचे पैसे पदरचे घालून. हातात आहे ती दंडघेर मोजायची पट्टी. माप कसं घेतात ते नीट बघा. डावा हात कोपरात वाकवायचा. खांद्याच्या हाडापासून कोपराच्या टोकापर्यंत मोजून मधोमध पेनानं खूण करायची. मग हात सरळ सोडायचा आणि खुणेवरून पट्टी फिरवून खाचेतून ओढायची. कातडी दबायला नको आणि पट्टी सैलही राहायला नको. मूल रडत असेल तर थांबायचं. ताई थांबल्या.

साडेबाराच्या वर हिरवा रंग. साडेअकरा ते साडेबारा पिवळा. साडेअकरा सेंटिमीटरच्या खाली लाल, म्हणजे तीव्र कुपोषण.

अकरा पूर्णांक आठ.

(दृश्य : चूल, पातेलं, पेज.)

“सकाळपासून काय दिलंस गं याला?”

“पेज दिली ना, बाई. दोनदा.”

आईचं चुकलेलं नाही. पेजेनं पोट भरतं आणि मूल निजतं. पण या वयाच्या पोटात एका वेळी मावतं थोडं, आणि पातळ पेजेत बरंचसं पाणीच असतं. त्याला दिवसातून तीन-चारदा घट्ट जेवण लागतं, आणि मध्ये एक-दोनदा काहीतरी खाऊ. ताई पेजेखालचा भात वाटीत घेतात, बोटांनी कुस्करतात, चमचाभर तेल घालतात, उकडलेलं अर्धं अंडं त्यात मोडतात. बघा, खातोय तो.

दोन वर्षांचा होईपर्यंत मुलाचा मेंदू मोठ्या माणसाच्या मेंदूच्या सुमारे 80 टक्के वाढलेला असतो. तान्ह्या बाळाची निम्म्याहून अधिक ऊर्जा एकट्या मेंदूला लागते. तेव्हा जेवण, लोह, आयोडीन कमी पडलं, तर नंतर कितीही खाऊ घातलं तरी पूर्ण भरपाई होत नाही. उंची खुंटते, शाळेत मागं पडणं, पुढे कमाई कमी राहणं, हे त्याच्या मागोमाग येतं. 2019-21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्रातली पाच वर्षांखालची शंभरातली 35 मुलं वयाच्या मानानं खुजी निघाली.

(दृश्य : ताई पिशवी उलटी करतात. चिंचोके, शंख, रिकामा डबा, चिंध्यांची बाहुली.)

आणि हे पिशवीतलं दुसरं सामान. याची गोष्ट याच मुलखातली आहे. 1945 मध्ये बालशिक्षणाचं काम करणाऱ्या ताराबाई मोडक बोर्डीला आल्या. अनुताई वाघ त्यांच्या सोबतीला. तेव्हा तो भाग ठाणे जिल्ह्यातच होता. पालघर वेगळा झाला तो 2014 मध्ये. बालवाडी काढली, पण आदिवासी पाड्यांवरची मुलं येईनात. कोणी गुरांमागं, कोणी धाकट्याला कडेवर घेऊन. तेव्हा या बाया बालवाडी घेऊन मुलांच्या अंगणात गेल्या. मुलांना न्हाऊमाखू घातलं, खाऊ दिला, गाणी म्हटली. विकतची खेळणी परवडणारी नव्हती, म्हणून शिंपले, बिया, खडे, पानं. पुढे कोसबाडच्या टेकडीवर हे काम वाढलं. मूल येत नसेल तर वाडी त्याच्या अंगणात न्यायची, अंगणवाडी या शब्दातच ते आहे. 2 ऑक्टोबर 1975 ला एकात्मिक बालविकास सेवा योजना सुरू झाली, ती गावोगावी याच नावानं पोचली.

(दृश्य : ताई आणि मूल समोरासमोर.)

खेळ ही जेवणानंतरची चैन आहे, असं कुणाला वाटेल. जमैकात 1986-87 मध्ये किंग्स्टनमधली 129 खुजी मुलं एका अभ्यासात घेतली. काहींना आठवड्याला किलोभर दुधाची पावडर. काहींच्या घरी आठवड्यातून तासभर एक कार्यकर्ती जायची आणि घरीच केलेल्या खेळण्यांनी मुलाशी कसं खेळायचं, कसं बोलायचं ते आईला दाखवायची. काहींना दोन्ही. दोन वर्षं हे चाललं. वीस वर्षांनी पाहिलं तर खेळवलेल्या मुलांची कमाई इतर खुज्या मुलांपेक्षा 25 टक्के जास्त होती. नुसत्या दुधानं तो फरक पडला नव्हता. पोटभर जेवण हवंच. पण डोळ्यांत बघून बोलणारं माणूसही हवं, आणि आईला त्यासाठी सवड हवी.

स्थलांतरित मुलाला जिथं असेल तिथल्या अंगणवाडीत आहार मिळायला हवा. इथून ती अंगणवाडी दीड किलोमीटरवर आहे, मधे डंपरचा रस्ता. दीड वर्षाचं मूल चालत जाणार कसं? चार भट्ट्यांमिळून एक खोली, एक सेविका, एक मदतनीस, दिवाळी ते पाऊस. आम्ही एवढंच मागतोय.

(दृश्य : डबा. मुलाचे हात. मागं आई साचा धुतेय.)

ताईंनी एक चिंचोका डब्यात टाकला. टण्ण. दुसरा त्याच्या तळहातावर ठेवला. तो बराच वेळ त्याच्याकडे बघत राहिला.

“टाक ना. टाक.”

टण्ण.

आईनं वळून पाहिलंय. हात कोपरापर्यंत गाऱ्यानं भरलेले, ते तिनं तसेच लुगड्याला पुसले. ताई सरकून तिला जागा करून देतायत.